कळशीवरचं नाव

घाणा शनिवारी थांबायचा, त्यावरून आम्हा मुलांना शनिवार कळायचा. एरवी पहाटे जाग यायची तीच शेजारच्या पडवीतल्या लाकडाच्या कुरकुरीने. बैलाच्या डोळ्यांना झापडं बांधलेली असायची आणि तो गोल गोल फिरायचा. त्याच्या मागे अब्रामकाका एक लय धरून काहीतरी पुटपुटत फिरायचे. खोबरेलाचा वास आमच्या उशीत, कपड्यांत, आईच्या केसांत सगळीकडे असे. शनिवारी मात्र बैल गोठ्यात बसून रवंथ करायचा आणि सगळ्या आळीत इतकी शांतता व्हायची की विहिरीवरच्या रहाटाचा आवाज घरात ऐकू यायचा. गावात त्या घराला शनवारतेल्यांचं घर म्हणत. त्यांचं आडनाव सारळकर आणि आमचंही सारळकर. अलिबागकडे असं आहे, ज्या गावचं माणूस त्या गावचं आडनाव, मग देव कोणताही असो. आमचं काही नातं नव्हतं. मधे एक कुडाची भिंत होती, आणि तीही फार उंच नव्हती.

अब्रामकाकांच्या बायकोला आम्ही राहेलबाय म्हणायचो. नऊवारी लुगडं, हिरव्या बांगड्या, गळ्यात मंगळसूत्र, सगळं माझ्या आईसारखं. फक्त कपाळाला कुंकू नसे. त्यांच्या दाराच्या चौकटीवर बोटाएवढी एक नळी तिरकी ठोकलेली होती. आत-बाहेर करताना राहेलबाय त्या नळीला बोटं लावून ओठांना लावायची. तिची मुलगी लेआ माझ्याच वयाची, तीही तसंच करायची. मग मीही करायला लागले. मला वाटायचं, आपण उंबऱ्याला पाय लागला की नमस्कार करतो, तसंच हे. मला कोणी कधी अडवलं नाही. कोळीण टोपली घेऊन आली की राहेलबाय मासळी उलटीपालटी करून बघायची आणि म्हणायची, "खवल्याचं दे गो, कोळंबी नको. तुला कितीदा सांगायचं?" कोळीण म्हणायची, "अगो बाय, कोळंबी खाल्लीस तर तुझा देव काय खाडी ओलांडून येनार हाय?" राहेलबाय हसायची, पण घ्यायची बांगडाच. मटणात ती दही घालायची नाही, नारळाचा रस घालायची. तसं मटण मी पुढे आयुष्यात कुठेच खाल्लं नाही. त्यांचा एक बिरड्याचा सण असे. त्या दिवशी घरातली सगळी माणसं जमिनीवर बसून केळीच्या पानावर भात आणि वालाचं बिरडं खायची आणि फार बोलायची नाहीत. आदल्या संध्याकाळी लेआ आणि मी मोड आलेले वाल सोलत बसायचो. सालं उडवून एकमेकींच्या केसात टाकायचो. एकदा मी विचारलं, सणाला गोड का नाही? लेआ म्हणाली, "आमचं देऊळ पडलं म्हणून." मी विचारलं, कधी? ती म्हणाली, "खूप आधी." मला ते काल-परवाच पडलं असेल असं वाटलं, कारण राहेलबायचे डोळे तसे दिसत.

शनिवारी त्यांच्याकडे चूल पेटत नसे. पण राहेलबायची सासू म्हातारी होती, दम्याची, आणि पावसाळ्यात तिला कढत पाणी लागे. राहेलबाय मला कधीही "चूल पेटव" म्हणाली नाही. तसं सांगणंही त्यांच्यात चालत नसावं. ती कुडाशी येऊन उभी राहायची आणि आभाळाकडे बघून म्हणायची, "आज सासूबाईंना लई थंडी वाजते." मी जायचे, चूल पेटवायचे, पाणी ठेवायचे आणि परत यायचे. त्या घरात मला बोलावं लागत नसे, म्हणून ते घर मला फार आवडायचं. मी लहानपणापासून अशीच. शाळेत मास्तरांनी उभं केलं की घशात आवळा अडकल्यासारखं व्हायचं. चौथीनंतर धाकट्या भावंडांसाठी शाळा सुटली तेव्हा आईला वाईट वाटलं, मला सुटल्यासारखं वाटलं.

मग एका वर्षी ते लोक जायला निघाले. त्यांच्या देवाचा देश आता झाला आहे, तिकडे जायचं, असं अब्रामकाका म्हणाले. कोणी त्यांना हाकललं नाही, हे मी मुद्दाम लिहून ठेवते. गावाने नारळ दिले. माझ्या आईने राहेलबायची ओटी भरली, कुंकवाची कुयरी मात्र ताटात ठेवली नाही. बैल वरच्या आळीतल्या तेल्याला गेला, पाटे-वरवंटे ज्याला हवे त्याला दिले. राहेलबायची एक तांब्याची कळशी होती, लग्नात माहेराहून आलेली, गळ्याशी ठिपक्याठिपक्यांनी नाव घातलेली: रा. अ. सारळकर. ती तिने आईच्या हातात दिली. म्हणाली, "बोटीत नेऊ देत नाहीत. तू वापर. परत आले तर मागून घेईन." आई म्हणाली, "तुझं नाव आहे तसंच ठेवते." आणि ठेवलं. कासार दारावर आला तरी आईने ते नाव कधी खोडून घेतलं नाही. पुढे माझ्या लग्नात ती कळशी मला दिली. राहेलबाय परत आली नाही. कुठल्या गावात राहिली, तेही आम्हाला कळलं नाही.

आता मी न्यूझीलंडमध्ये, वेलिंग्टनजवळच्या लोअर हटला मुलाकडे असते. नवरा गेल्यावर नितीनने मला इकडे आणलं. सामानाचं वजन ठरलेलं होतं, म्हणून मी लुगडी मागे ठेवली आणि कळशी घेतली. माझी सून गौरी हॉस्पिटलच्या फार्मसीत आहे, स्वभावाने मोकळी, चार माणसांत रमणारी. तिने ती कळशी चिंचेने घासून लखलखीत केली, दाराशी ठेवली आणि त्यात टोईटोईचे वाळलेले तुरे खोचले. इथल्या वाऱ्यात रस्त्याकडेला डोलणारं ते गवत पाहिलं की मला आमच्याकडचा ऊस तुऱ्यावर आल्यासारखं वाटतं. कोणी आलं की गौरी सांगायची, "ही आईंच्या माहेरची, त्यांच्या पणजीची. नाव बघा, अजून आहे." आडनाव माझ्या माहेरचंच. तेव्हा तिने असं धरलं यात तिची चूक नाही. पहिल्यांदा ती तसं म्हणाली तेव्हा मी पोळ्या लाटत होते. पाहुण्यांसमोर मधेच कसं बोलायचं म्हणून राहिले. दुसऱ्यांदाही राहिले. मग नातीने, इराने, शाळेसाठी घराण्याचं झाड काढलं आणि अगदी तळाशी, मुळापाशी, नऊवारीतली एक बाई काढून तिच्याखाली लिहिलं 'राधा'. रा म्हणजे राधाच असणार, असं नितीनने तिला सांगितलं होतं. त्या चित्राला शाळेत कौतुकाचा स्टिकर मिळाला. ते अजून फ्रिजवर आहे. रोज फ्रिजमधून दूध काढताना मी राधाबाईकडे बघायचे.

त्याच शाळेने या वर्षी मुलांना युरोपातल्या ज्यूंच्या कत्तलीबद्दल शिकवलं. वेलिंग्टनमध्ये त्या लोकांच्या आठवणीसाठी जपलेली एक जागा आहे, प्रार्थनाघराच्या आवारात. गौरीच्या एका सहकाऱ्याची आई, हॅना, तिथे लोकांना माहिती सांगते. रविवारी बंद असताना ती फक्त आमच्यासाठी उघडणार होती. गौरी म्हणाली, "आई, तुम्हीही चला. आपण चौघंच, गर्दी नाही." मी गेले. टीव्हीवर ज्यू हा शब्द मी ऐकला होता, पण ते गोरे, लांब कोटातले, बर्फातले लोक. माझ्या मनात त्यांचा आणि आमच्या घाण्याचा काही संबंध नव्हता. खोटं कशाला सांगू, मी डब्यात काय न्यायचं याचाच विचार करत होते.

हॅना दारात उभी होती. माझ्याहून थोडी लहान असेल. लोकरीचं जाकीट, हातात काठी, पायात मुलांसारखे पांढरे बूट. इथला नमस्कार करत म्हणाली, "किया ओरा, या या, आत वारा नाही." कुलूप काढून आत शिरताना तिने चौकटीला बोटं लावली आणि ओठांना लावली. मी वर पाहिलं. बोटाएवढी नळी, तिरकी.

आत गेल्यावर मी दोनदा मागे वळून त्या चौकटीकडे पाहिलं. हॅना सावकाश बोलत होती, नितीन माझ्या कानाशी मराठीत सांगत होता. तिची आई लहानपणी एकटीच बोटीने या देशात आली. घरातलं दुसरं कोणीच आलं नाही, कोणी उरलंच नाही. भिंतीवर त्या सगळ्यांचे फोटो होते, लग्नातले, समुद्रावरचे, एका काकांचा कुत्र्याबरोबरचा. हॅना काठीने दाखवत नव्हती, प्रत्येकापाशी जाऊन उभी राहत होती, जशी ओळख करून देतात तशी. इरा आईचा हात धरून चालत होती. मला वाटत होतं, आता बोलावं. मी असलं दार ओळखते, एवढंच म्हणायचं. शब्द जमवत होते, तोवर ती पुढच्या फोटोकडे गेली.

तो फोटो रस्त्याचा होता. एका घरासमोर गाद्या, खुर्च्या, दिवे, भांडी मांडलेली आणि भोवती माणसं जमलेली. घरातल्यांना नेलं होतं आणि त्यांचं सामान रस्त्यावर आणून विकायला काढलं होतं. घेणारे सगळे शेजारी. एका बाईने कपडे धुवायचं मोठं घंगाळ कमरेवर धरलं होतं आणि ती फोटो काढणाऱ्याकडे बघून हसत होती. हॅना म्हणाली, "यात शिपाई कोणी नाही. हे त्याच गल्लीतले. हिच्या मुली यांच्या मुलींबरोबर खेळत असतील." नितीनने ते मला सांगितलं, तरी मी त्या फोटोपासून हलले नाही. मला ठाऊक आहे, आमचं तसं नव्हतं. राहेलबाय स्वतःच्या मनाने गेली, एसटीत बसून, आई रडली, तीही रडली. हे आणि ते एका तागडीत घालणं पाप आहे. तरी त्या बाईने घंगाळ जसं कमरेवर धरलं होतं, तशीच मी कळशी धरत आले आहे. आयुष्यभर.

पुढे काचेच्या पेटीत एक चांदीचा पेला होता, काळवंडलेला, त्यावर अक्षरं कोरलेली. निघताना हॅनाच्या आजीने तो शेजारणीकडे ठेवायला दिला होता. शेजारणीच्या मुलीने म्हातारपणी शोध काढून तो हॅनाच्या आईकडे पाठवला. "काहींनी परत दिलं," हॅना म्हणाली, "बऱ्याच जणांनी नाही. काहींच्या घरी अजून असेल. आता तिथल्या नातवंडांना वाटत असेल, आपलंच आहे."

इरा लगेच म्हणाली, "वुई हॅव अ पॉट लाइक दॅट. नाव आहे त्याच्यावर. माय ग्रेट-ग्रेट-समथिंग, राधा."

हॅनाला फार आनंद झाला. तिने वाकून विचारलं, कसलं भांडं, कोणाचं. नितीनने सगळं सांगितलं, तांब्याची कळशी, आईची पणजी, भारतात भांड्यांवर नावं घालतात वगैरे. मग हॅना माझ्याकडे वळली. तिचे डोळे अगदी फिकट होते. तिने मलाच विचारलं, नितीनने मराठीत सांगितलं, "आई, त्या विचारतात, तुला ती पणजी आठवते का?"

मी मान हलवली. कशी हलवली ते मला आठवतं, होय अशी.

मग तिने विचारलं, तुमच्या भागात आमचे लोक होते का? नितीन म्हणाला, मुंबईत होते असं ऐकलंय, आमच्या आईच्या गावाकडे वगैरे नाही. माझ्याकडे बघून म्हणाला, "नाही ना गं?" आणि मी तिथे, त्या भिंतीवरच्या सगळ्या माणसांसमोर, गप्प उभी राहिले. हॅना म्हणाली होती, यांची नावं कोणीतरी घेत राहावं म्हणून ही जागा आहे. एक नाव घ्यायला मीच तिथे होते, दुसरं कोणी नव्हतं.

बाहेर निघताना गौरी हॅनाचे आभार मानत होती, इरा बूट बांधत होती. मी सर्वांत मागे होते. दारातून जाताना माझा हात वर गेला, बोटं नळीला लागली, ओठांना लागली. मी केलं असं म्हणता येत नाही, तो हातच गेला. परकराच्या वयात लागलेली सवय. मागे वळले तर हॅना माझ्याकडे बघत होती. काठी तिच्या दोन्ही हातांत होती.

"हे तुला कोणी शिकवलं?" तिने विचारलं. नितीनने मराठीत सांगायची गरज पडली नाही.

"राहेलबायने," मी म्हणाले. मग नितीनला म्हणाले, "सांग त्यांना. ती कळशी राहेलबायची आहे. रा म्हणजे राहेल, अ म्हणजे अब्राम. आमची शेजारीण. यांच्यातली. माझी पणजी नाही."

नितीन म्हणाला, "अगं आई, काय बोलतेस तू?"

"तू सांग आधी."

तो सांगत गेला, मी बोलत गेले. घाणा, बैल, खवल्याची मासळी, बिरडं, सासूबाईंची थंडी. बाहेर वारा इतका होता की इराचे केस तोंडात जात होते, तरी ती हलली नाही. एवढं सलग मी पूर्वी कधी बोलले असेन असं वाटत नाही. हॅनाने मधे एकच विचारलं, ते तिकडे सुखरूप पोचले का? मी म्हणाले, ठाऊक नाही. आम्ही विचारलंच नाही कोणाला. तिने वळून दाराला कुलूप लावलं. मला धीर द्यायला थोडीच आली होती ती.

आम्ही गाडीने घरी निघालो. टनेलमधून बाहेर आल्यावर नितीन म्हणाला, "इतकी वर्षं तू ऐकत राहिलीस, आई. आम्ही लोकांना सांगत होतो, तू पोळ्या लाटत होतीस."

"हो," मी म्हणाले.

"निदान मला तरी सांगायचंस."

गौरी म्हणाली, "असू दे रे." पण तिलाही लागलं होतं, मला तिच्या मानेवरून कळत होतं. आपण पाहुण्यांना काय काय सांगितलं, ते तिला एकेक आठवत असणार. घरी आल्यावर तिने कळशीतले तुरे काढले आणि कुठे ठेवावेत ते न कळून हातातच धरून उभी राहिली. इरा फ्रिजसमोर उभी होती. "सो व्हेअर डज शी गो, आजी? शी इजन्ट फॅमिली." मी म्हणाले, बाळा, झाडात शेजाऱ्याला जागा नसते. तिने थोडा विचार केला, मग राधा खोडलं आणि झाडाच्या बाजूला एक छोटं घर काढलं. त्याला दार काढलं. चौकटीवर एक तिरकी रेघ मारली.

पुढच्या रविवारी मी नितीनला घेऊन पुन्हा गेले. कळशी साडीत गुंडाळून नेली होती. मला वाटलं, ती त्या पेल्याशेजारी ठेवावी म्हणजे झालं, माझ्या डोक्यावरचं उतरेल. हॅनाने दोन्ही हातांनी ती उचलून पाहिली, नावाच्या ठिपक्यांवरून अंगठा फिरवला, आणि परत माझ्या मांडीवर ठेवली. म्हणाली, "ही मला नाही दिलेली. तुझ्या आईला दिली. राहेलचं कोणी शोधत आलंच, तर ते तुझ्या दाराशी येईल. माझ्या नाही." मग तिने चहा केला. बिस्किटं दिली. मी ती खाल्ली आणि कळशी पुन्हा साडीत गुंडाळली; माझं ओझं ती उतरवून घेणार नव्हती.

कळशी पुन्हा दाराशी आहे, रिकामी. इरा कॉम्प्युटरवर लेआला शोधते. त्या देशात लेआ नावाच्या बायका असंख्य, आणि लग्नानंतरचं नाव कोणाला माहीत? ती विचारते, "एनी अदर डिटेल्स, आजी?" मी म्हणते, तिच्या डाव्या भुवईत वालाच्या सालाएवढी खूण होती. यावर कॉम्प्युटर काय करणार? पण पाहुणे आले आणि कोणाची नजर कळशीकडे गेली, की गौरी बोलायची थांबते आणि माझ्याकडे बघते. मग मला स्वयंपाकघरातून बाहेर यावं लागतं. घशात आवळा तसाच असतो. तरी सांगते.

एक गोष्ट मात्र मी हॅनाला सांगितली नाही, नितीनलाही नाही. फोटोतली ती बाई हसत होती ना, तेव्हा मी माझ्या आईचा चेहरा आठवायचा फार प्रयत्न केला. आई रडत होती, ते मला पक्कं आठवतं. ती नव्हती हसत. ते लोक गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे मला जाग आली ती शांततेने. घाणा बंद होता आणि शनिवार नव्हता. मी उठले, राहेलबायची कळशी कमरेवर घेतली आणि विहिरीवर गेले. आमच्याकडे तोवर मातीची घागर होती. तांब्यावर ऊन पडलं होतं. येताना मी जवळची वाट सोडून आळीतून फिरून आले, हळूहळू, सगळ्यांनी बघावं म्हणून.